तीनशे एक्केचाळिसावे पुस्तक

पुस्तकाची पाने कापलेली नव्हती. सोळा पानांच्या प्रत्येक फर्म्याची वरची आणि बाजूची कड छापखान्यात घडी पडली त्या दिवशी होती तशीच जोडलेली होती. आणि त्या बंद घडीच्या आत, एकशे पाचव्या पानाच्या उजव्या समासात, निळ्या पेन्सिलीचे पंचवीस ठिपके आणि अकरा आडव्या रेघा होत्या.

इंद्रजीत पगारे याने खालच्या उघड्या कडेतून टॉर्चचा उजेड सोडून ते दोनदा मोजले. दोन्ही वेळा छत्तीस भरले.

मोजणे हाच त्याचा व्यवसाय होता. भौतिकशास्त्राची एम.एस्सी. झाल्यापासून तो वाळूजच्या एका कारखान्यात मोजमापाच्या प्रयोगशाळेत होता. बाकीचा कारखाना ज्या साधनांनी मोजतो, ती साधने बरोबर मोजतात की नाही हे तो तपासत असे. खोलीचे तापमान वीस अंश, दाराला दोन झडपा, हातात सुती मोजे. बजाजनगरातल्या त्याच्या घरीही एक खोली जवळपास तशीच ठेवलेली होती. तिच्यात चार काचेची कपाटे होती आणि त्यांत तीनशे चाळीस पुस्तके, सगळी बुद्धिबळाची. खेळ इराणात कसा गेला, वजिराला आजचे बळ कधी आले, शेवटी एक हत्ती आणि दोन प्यादी उरली तर काय करावे, थोर खेळाडूंनी कुठे चूक केली. हे पुस्तक कोलकात्याच्या जुन्या पुस्तकांच्या दुकानातून आले होते. मागवले होते जानेवारीत, पोचले जूनमध्ये. ते तीनशे एक्केचाळिसावे होते.

मधल्या काळात, फेब्रुवारीत, त्याची पत्नी सुलेखा वारली होती.

ती गेली तेव्हा तो पुण्यात होता. प्रयोगशाळेच्या मान्यतेची तपासणी तीन दिवसांची होती आणि डॉक्टरांनी घाई नाही असे सांगितले होते. दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. तो परतला तेव्हा दवाखान्याच्या वॉर्डातल्या आया आवडाबाई त्याला जिन्यातच भेटल्या.

"दोनदा इचारलं बाईंनी, साहेब आले का म्हणून. कायतरी पायजे व्हतं त्यांना."

"काय?"

"ते नाय बोलल्या. म्या इचारलं, तर म्हणल्या, त्यांनाच सांगंन."

एकतीस वर्षांच्या संसारात सुलेखाने काही मागितल्याचे त्याला आठवत नव्हते. मूल झाले नाही, त्याबद्दलही ती बोलली नव्हती. ती घरी शिवणकाम करी, अर्ध्या बजाजनगरचे ब्लाऊज तिच्या हातचे होते. तिला काय हवे होते, हा एकच प्रश्न त्याच्यापाशी उरला होता. तो सुटण्यासारखा नाही हे कळत असूनही तो रोज सकाळी दाढी करताना त्याच्यापाशी जाऊन थांबत असे.

आणि ठिपके निळे होते. कापडावर खूण करायची सुलेखाची पेन्सिल निळी होती.

*

ठिपक्यांचा अर्थ त्याला विचारावा लागला नाही, कारण ती पद्धत त्याचीच होती. पुस्तकातला डाव पटावर मांडायचा, पुढच्या चाली पुठ्ठ्याच्या पट्टीने झाकायच्या, चाल ओळखायची, मग पट्टी एक ओळ खाली सरकवायची. ओळखले तर ठिपका. चुकले तर रेघ, आणि रेघेपुढे आपण कोणती चाल केली असती ते बारीक अक्षरात. तीस वर्षे संध्याकाळी तो हे करत आला होता. समोर मशीनवर सुलेखा असायची. त्याच्या खुणा डाव्या समासात, काळ्या पेन्सिलीने.

पुस्तक घेऊन तो छावणीत हनीफभाईंकडे गेला. हनीफभाईंच्या तीन पिढ्या पुस्तकबांधणीत गेल्या होत्या. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, फर्मा डोळ्यांपाशी नेला आणि कडेवरून नख फिरवले.

"सर, ये फर्मा कटाच नै."

"पुन्हा चिकटवला असेल?"

"कायकू चिकटायंगे? देखो, फोल्ड पे धूल की लकीर है. पचास साल की धूल है ये. चाकू लगता तो लकीर टूटती." मग त्यांनी खालून आत डोकावून पाहिले. "अंदर तो किसी ने लिखेला है."

"हो."

"पेन्सिल अंदर जातीच नै सर. मेरी उंगली नै जाती."

"म्हणजे छापण्याआधी लिहिलं असेल. कोऱ्या कागदावर."

हनीफभाईंनी त्याच्याकडे पाहिले. "छापने से पहले? चाल के बराबर सामने? आप पढ़े-लिखे आदमी हो सर, आपीच बोलो." आणि पुस्तक परत देताना, "काटूं क्या?"

"नको," इंद्रजीत म्हणाला. पाने त्याने घरी स्वतःच कापली.

अकरा रेघांपैकी एकीपुढे लिहिलेली चाल नियमबाह्य होती. पांढऱ्या राजाने अडीच घरांची उडी घेतली होती, घोड्यासारखी. लिहून लगेच ती खोडलेली होती.

तो खुर्चीवर बसला.

पारावरच्या देशी खेळात राजाला एकदा, शह बसण्याआधी, घोड्याची चाल मिळते. पुस्तकातल्या खेळात मिळत नाही. सुलेखाला तिच्या वडिलांनी, गंगापूरकडच्या कडुबांनी, लहानपणी देशी खेळ शिकवला होता. लग्नाच्या दुसऱ्या आठवड्यात कंपनीतले मित्र घरी आले असताना, पट मांडलेला पाहून ती म्हणाली होती, "मी बसू का एक डाव?" ती बसली. सातव्या चालीला तिने राजा उचलला आणि उडी मारली. सगळे हसले. सोमनाथ म्हणाला, "वहिनी, राजाला पंख फुटले काय?" आणि इंद्रजीतने मोहरे गोळा करत सांगितले, "हा पुस्तकातला खेळ आहे सुलेखा, पारावरचा नाही." तीही हसली होती. मग चहा ठेवायला गेली. त्यानंतर ती पटाजवळ कधी आली नाही.

*

त्याने कपाटे उघडली. फेब्रुवारीपासून तो त्यांच्याकडे फिरकला नव्हता.

तीनशे चाळीस पुस्तके. प्रत्येकात, डावीकडे त्याच्या काळ्या खुणा होत्या किंवा नव्हत्या. उजवीकडे निळ्या होत्या. पहिल्या कपाटाच्या वरच्या खणापासून चौथ्याच्या तळापर्यंत, एकही पुस्तक सुटलेले नव्हते. पहिल्या पुस्तकात छत्तीस चालींत तीन ठिपके. राजाच्या उड्या नऊ. दुसऱ्या खणात ठिपके सहा-सात. दुसऱ्या कपाटात उड्या विरळ झाल्या. पुस्तके ज्या क्रमाने लावलेली होती त्याच क्रमाने ती वाचत गेली होती, आणि शिकत गेली होती. त्याने आलेख काढला. वक्र सुबक होता.

याचे स्पष्टीकरण कठीण नव्हते. तो दिवसभर कारखान्यात असे, ती घरी. वर्षानुवर्षे तिने चोरून ही पुस्तके वाचली होती, त्याला न सांगता. हे स्पष्टीकरण पुरेसे होते, आणि त्याने त्याला इतके दुःख झाले की दोन दिवस तो कामावर गेला नाही. एकाच खोलीत, एकाच दिव्याखाली, सहा फुटांवर बसणारे एक माणूस बुद्धिबळ शिकत होते, आणि त्याने कधी मान वर केली नाही.

पण तीनशे एक्केचाळिसावे पुस्तक जूनमध्ये आले होते.

एका निरीक्षणावरून निष्कर्ष काढू नये. त्याने एक कोरे नवे पुस्तक मागवले, प्रकाशकाच्या प्लॅस्टिकच्या वेष्टनातले. ते न उघडता प्रयोगशाळेत नेले, पिशवीत घालून कागदी पट्टीने बंद केले आणि सही करण्यासाठी सोमनाथला बोलावले. सोमनाथ आता वरिष्ठ तंत्रज्ञ होता, निवृत्तीला दोन वर्षे उरलेली.

"साहेब, आता बुद्धिबळाला पण सर्टिफिकेट द्यायचं का आपण?"

"सही कर."

"करतो की. पण ऑडिटवाल्यानं विचारलं तर काय सांगू, उंट तिरका चालतो का ते तपासलं म्हणून?"

मोजमापे पडताळायच्या पोलादी प्रमाण ठोकळ्यांच्या कपाटाला दोन कुलुपे होती. एकाची किल्ली इंद्रजीतकडे, दुसऱ्याची सोमनाथकडे. पुस्तक त्यात गेले. शेजारी, झाकणाच्या काचपात्रात, सुलेखाच्या शिवणाच्या डब्यातली निळी पेन्सिल. तिचे वजन ३.२१४६ ग्रॅम.

आठ दिवसांनी दोघांनी मिळून कपाट उघडले. पट्टी अखंड होती, सह्या जुळत होत्या, वेष्टनाला सुईएवढे छिद्र नव्हते. इंद्रजीतने ब्लेडने वेष्टन कापले आणि पहिला डाव उघडला.

अठ्ठावीस ठिपके. आठ रेघा.

पेन्सिल ३.२१३९ ग्रॅम भरली. त्याने ती तीनदा तोलली.

सोमनाथ मागे सरकून भिंतीला टेकला होता. "हा वहिनींचा निळा आहे साहेब," तो हळू म्हणाला. "आमच्या घरी ब्लाऊजच्या आतल्या शिवणीला अजून आहे हा रंग. धुऊन जात नाही."

"रंगावरून काही सिद्ध होत नाही."

"मी कुठं म्हणतो होतं म्हणून?" त्याने आपली किल्ली जुडग्यातून सोडवून टेबलावर ठेवली. "मला यात घेऊ नका. त्या दिवशी मी हसलो होतो."

*

त्याने आणखी पुस्तके मागवली. जुन्या तीनशे चाळिसांत नवी खूण पडत नव्हती. ती जशीच्या तशी होती. खुणा पडत होत्या त्या फक्त नव्याने येणाऱ्या पुस्तकांत. म्हणून परिणाम पाहायचा तर नवे पुस्तक हवे, हे उघड होते. पोलादी डब्यात ठेवलेले. पाण्याखाली, बंद पिशवीत. एक त्याने पार्सल न फोडता उशाशी घेतले आणि त्यावर हात ठेवून निजला. सकाळी त्यातही खुणा होत्या. आवाज कधी आला नाही. वास नाही, थंडी नाही. सुट्टीच्या दुपारी तो त्या खोलीत बसून राही. रस्त्यावरून दुसऱ्या पाळीच्या बसगाड्या जात, शेजारी कुकरची शिट्टी होई, आणि कपाटाची काच जशी असते तशी असे. तो नुसता बसलेला असे. आणि कुणीतरी कामात आहे, आपण बोलू नये, असे त्याला वाटत राही.

जानेवारीपर्यंत नवी पुस्तके सत्तावीस झाली.

ठिपके एकोणतीस झाले, एकतीस झाले, तेहतीस झाले. राजाच्या उड्या केव्हाच संपल्या होत्या. त्याने नव्या पुस्तकांतले तेच डाव स्वतः पट्टी लावून खेळून पाहिले. त्याचे आकडे बाविसाच्या आसपास घुटमळत.

सत्ताविसाव्या पुस्तकात छत्तीसपैकी पस्तीस ठिपके होते. एकच रेघ. रेघेपुढे तिची चाल लिहिलेली होती, हत्तीची, साधी दिसणारी, एक घर मागे. पुस्तकातली चाल एका विश्वविजेत्याची होती. इंद्रजीतने दोन्ही संगणकाला दिल्या. संगणकाने सव्वा मिनिट घेतले आणि सुलेखाची चाल अधिक चांगली ठरवली.

रेघ तिने तरीही ओढली होती. पुस्तकात वेगळे लिहिले होते म्हणून ती स्वतःला चूक समजली होती.

तो पटावरच्या त्या हत्तीकडे पाहत राहिला आणि मग, फेब्रुवारीनंतर पहिल्यांदा, मोठ्याने रडला.

हे सारे ती कशासाठी करते आहे, हे मोजून कळणार नव्हते. दुसऱ्या दिवशी सकाळी तो गंगापूरच्या जीपमध्ये बसला.

*

कडुबा घरापुढे खाटेवर उन्हाला बसले होते. वय अठ्ठ्याऐंशी, डोळ्यांनी नीट दिसत नव्हते. पायांच्या आवाजाकडे त्यांनी मान वळवली.

"कोन? जावईबापू का?"

"हो आबा."

"या, बसा. लई दिवसांनी. च्या घ्यायचा का? सूनबाय, पाव्हणं आलं." मग थोडे थांबून, "वाळले का तुमी? आवाज बारीक झाला."

इंद्रजीतने सगळे सांगितले नाही. एवढेच विचारले, की सुलेखा बुद्धिबळाची पुस्तके वाचायची हे त्यांना ठाऊक होते का.

"सुली? नाय बा."

"घरी, मी नसताना. बरीच वर्षं."

"नाय." म्हातारबांनी मान ठामपणे हलवली. "मला म्हणायची, आबा, त्यांच्या कपाटाला मी फडकं सुदीक लावत नाय. उगं कायतरी हलायचं, अन् त्यांना खपायचं नाय. तिला पुस्तकातलं काय बी येत नव्हतं. माह्यासंग खेळायची, इथं आली की. आपल्या रीतीनं. त्यात मातर मला दोनदा मात दिली तिनं, प्याद्यानं." ते हसले. दात नव्हते. "त्या दिवसापस्तोर पुस्तकाला हात नाय लावला पोरीनं."

"कोणत्या दिवसापर्यंत?"

"आता वो. दवाखान्यातल्या."

इंद्रजीत खाटेजवळ सरकला.

"मी व्हतो ना तिथं, खिडकीपाशी. तुमी पुण्याला निघाले व्हते. बॅग खांद्याला. तवा ती म्हणली नाय का तुमाला?"

"काय म्हणाली?"

"विसरले?" कडुबांच्या आवाजात आरोप नव्हता, आश्चर्य होते. "म्हणली, एक डाव खेळता का माह्यासंग? आल्यावर? लई दिवसांचं मनात हाय म्हणली."

सूनबाईने चहा आणून ठेवला. ती आत जाईपर्यंत दोघे थांबले.

"मग मी काय म्हणालो?"

"तुमी घड्याळ बघितलं. रागानं नाय बोलले, खोटं कामून सांगू. हसूनच बोलले. म्हणले, आधी कपाटातली सगळी पुस्तकं वाचून काढ, मग बसू."

इंद्रजीतला घड्याळ आठवले. चार वाजून दहा मिनिटे. बॅगेचा पट्टा पिळला होता तोही आठवला. ते वाक्य आठवले नाही. पण साक्षीदार स्वतंत्र होता, आणि त्याला खोटे बोलण्याचे काही कारण नव्हते.

"ती काय म्हणाली?"

"बरं म्हणली."

"बस?"

"बस. बरं म्हणली, अन् डोळे मिटून पडली. मला वाटलं झोपली. ओठ हलत व्हते." कडुबांनी बशीतला चहा फुंकला. "खेळले असते एक डाव, तर काय बिघडलं असतं वो?"

*

तो परतला तेव्हा ऊन अजून कपाटांच्या काचांवर होते. दारात पोस्टाचे पार्सल होते. तीन पुस्तके, गेल्या आठवड्यात त्यानेच मागवलेली.

त्याने ते उचलले नाही. आत जाऊन तारखा पाहिल्या.

जूनमध्ये त्याने कपाटे फेब्रुवारीनंतर पहिल्यांदा उघडली, तेव्हाच त्यातली तीनशे चाळीसही पुस्तके संपलेली होती. सुलेखाला हात लावायलाही मनाई वाटत असलेली सगळी पुस्तके, पहिल्या खणापासून शेवटच्यापर्यंत, तिने चार महिन्यांत वाचून काढली होती. जूनमध्ये ती तयार होती.

तेव्हा तीनशे एक्केचाळिसावे आले.

मग त्याने तीनशे बेचाळिसावे मागवले. मग त्रेचाळिसावे.

दारातल्या पार्सलच्या दोऱ्या तशाच होत्या. लाखेवरचा शिक्का अखंड होता. त्याने ते फोडले. वरच्या पुस्तकात पहिल्या डावाच्या समासात चौदा ठिपके होते आणि पुढे जागा कोरी होती. तो पाहत असताना ती कोरीच राहिली. त्याने पुस्तक मिटले, दहापर्यंत मोजले आणि उघडले.

पंधरा.

कारण सापडले होते, आणि ते साधे होते. सुलेखाने एक डाव मागितला होता. सगळी पुस्तके वाचून झाल्यावर बसू, असे त्याने तिला सांगितले होते. ती वाचत होती. आणि नवी पुस्तके तोच आणत होता.